घडीची जागा

ताई आयुष्यभर भाड्याच्या खोल्यांत राहिली. कपडे खुर्चीवर, भांडी खिडकीत आणि चित्रं घड्या घालून पेटीत, असा तिचा संसार. घरमालकांना सुरुवातीला इतक्या कमी सामानाचा भाडेकरू म्हणजे पर्वणी वाटायची. पण ती भल्या सकाळी मोठ्याने गायची, जिन्यात रंगाचे डबे ठेवायची आणि तिच्याकडे आलेला पाहुणा कधी जाईल हे तिलाही ठाऊक नसायचं. एकदा एक बासरीवाला चहाला म्हणून आला आणि चार पावसाळे राहिला. त्यामुळे घरमालकांचं प्रेम लवकरच आटायचं.

"बाई, तुमची चित्रं फार छान आहेत हो, पण पुढच्या महिन्यापासून..."

"समजलं," ताई म्हणायची. "जिना पुसते आणि निघते."

केलेला चहा निवायच्या आत तिचं सामान बांधून तयार असायचं.

तिची चित्रं चादरींवर असायची. पलंगावर घालतो त्या साध्या सुती चादरी. जुनी चादर जितकी धुतलेली तितकी चांगली, असं तिचं म्हणणं. ती चित्रं कशी काढायची ते सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. आधी चादरीला पातळ सरस लावायचा. सरस म्हणजे एक प्रकारचा डिंक. तो वाळला की कापड ताठ होतं आणि रंग धाग्यांत पसरत नाही. मग कोरी चादर घडी घालून जड पेटीखाली दाबायची आणि पुन्हा उलगडायची. कापडावर घडीच्या रेषा स्पष्ट उमटतात. या रेषांच्या दोन्ही अंगांना बोटभर जागा ताई कोरी सोडायची. रंगाचा थर वाळल्यावर वाकत नाही. घडीवर आला की तडकतो, मग त्याचे पोपडे निघतात. म्हणून तिचं चित्र खिडकीच्या तावदानांसारखं दिसायचं: रंगीत चौकोन आणि मधून पांढऱ्या पट्ट्या.

प्रदर्शन भरवायचं तर दोन दिव्यांच्या खांबांना दोरी बांधायची आणि चिमटे लावून चादरी टांगायच्या. लोक त्यांच्यामधून फिरायचे. "वाळायला टाकलंय का?" असं कुणी विचारलं तर ताई म्हणायची, "हो, अजून ओलं आहे, हात लावू नका." शहरात तिला सगळे चादरवाली म्हणत. नाटकवाले, वाद्यं दुरुस्त करणारे, नोकरी न टिकणारे कवी, असे तिचे मित्र. एका चांभाराने बुटांच्या बदल्यात चित्र घेतलं आणि दुकानात पडदा म्हणून लावलं. ताईला ते फार आवडलं.

एकदा मोठ्या कलादालनाचे मालक स्वतः आले. चित्रं बघून त्यांनी तोंडात बोट घातलं. म्हणाले, "सगळी घेतो. फक्त ताणून फ्रेम करू या."

"फ्रेम मी डोक्यावर घेऊन पळू का?" ताईने विचारलं.

ते हसले. ताई विनोद करत नव्हती, हे त्यांच्या लक्षात आलं नाही. व्यवहार तिथेच मोडला.

आम्ही लहान होतो तेव्हा लढाई आमच्या गावापर्यंत आली. वडील म्हणाले, तुम्ही पुढे व्हा, मी जनावरांची सोय लावून मागून येतो. आई, ताई आणि मी निघालो. शाळेच्या एका हॉलमध्ये आम्हाला जागा मिळाली. तिथे कितीतरी कुटुंबं होती आणि प्रत्येक दोन कुटुंबांच्या मध्ये दोरीवर एक चादर. तीच भिंत. पलीकडचे भांडायला लागले की चादर हलायची.

आमच्या चादरीवर ताईने वडिलांना काढलं. कोळसा, विटेची पूड आणि कपड्यांना घालायची नीळ, एवढेच रंग. वडील पुरे माणसाएवढे, दारात उभे, एक हात चौकटीला. आपल्या शोधात आले तर लांबून चादर ओळखतील, असा तिचा हिशोब. हॉलमधली माणसं बघायला जमली. एक आजी म्हणाल्या, "पोरी, माझा म्हातारा पण काढ ना. फक्त नाक जरा लहान काढ, त्याला बरं वाटेल."

मग एका सकाळी हॉल रिकामा करायचा हुकूम आला. आईने चादर ओढली, चार घड्या घातल्या आणि गाठोड्यात कोंबली. पुढचा मुक्काम धान्याच्या एका रिकाम्या गोदामात पडला. तिथे चादर उलगडली तर घडी नेमकी वडिलांच्या चेहऱ्यावरून गेलेली. रंगाची पूड खाली पडत होती. आईने चादर बाहेर नेऊन झटकली, पुन्हा दोरीवर टाकली आणि टाका घालायला शिकवावं तशा आवाजात ताईला म्हणाली, "पुढच्या वेळी घडीवर काढू नकोस."

वडील आले नाहीत. ताईने घडीवर पुन्हा कधी काढलं नाही.

त्यानंतर आम्ही अनेकदा जागा बदलल्या. पुढे लढाई थांबली, मी शिकलो, शाळेत मास्तर झालो, माझं घर झालं. ताईला मी कितीदा म्हटलं असेल, एक खोली तुझ्यासाठी रिकामी आहे. ती यायची, दोन दिवस माझ्या मुलांना रंगात बुडवायची आणि तिसऱ्या दिवशी गाशा गुंडाळायची.

ताईने सत्तरी ओलांडली त्या वर्षी शहरात नवं बसस्थानक बांधायला घेतलं. एके दिवशी मी ताईकडे गेलो असताना बसस्थानकाच्या इंजिनिअरबाई तिच्या खोलीवर आल्या. तरुण होत्या, डोक्यावरचं हेल्मेट काढायला विसरल्या होत्या.

"प्रतीक्षालयात एक लांब भिंत आहे," त्या म्हणाल्या. "तिच्यावर तुम्ही चित्र काढावं अशी माझी इच्छा आहे. दोरीवरची तुमची प्रदर्शनं मी लहानपणापासून बघत आलेय."

"मी भिंतीवर काढत नाही."

"माहीत आहे. म्हणून स्वतः आले."

ताईने त्यांना बसायला खुर्ची दिली, म्हणजे खुर्चीवरचे कपडे जमिनीवर टाकले. इंजिनिअरबाईंनी अडचणही लपवली नाही. ठेकेदाराला त्या भिंतीवर टाइल्स लावायच्या होत्या. स्थानकाच्या समितीतले निम्मे लोक त्याच्या बाजूचे होते. स्थानक सुरू होण्याआधी समिती भिंत बघायला येणार, चित्र अपुरं असलं किंवा पसंत पडलं नाही तर त्यावर टाइल्स बसणार.

त्या गेल्यावर ताईने कपडे उचलून पुन्हा खुर्चीवर टाकले. मग म्हणाली, "मास्तर," कारण मी शाळेत लागलो तेव्हापासून ती मला चिडवून मास्तरच म्हणते, "मला एकदा असं चित्र काढायचंय जे कुणालाच उचलून नेता येणार नाही. मलासुद्धा."

"मग हो म्हण."

"म्हटलं असतं, पण ती हेल्मेट घालून बसली होती. मला वाटलं छत पडणार आहे."

दुसऱ्या दिवशी तिने होकार कळवला.

काम सुरू झालं. भिंतीला गिलावा झाला होता, तिच्यासमोर छतापर्यंत लाकडी परांची उभारली होती आणि धूळ बसू नये म्हणून बाहेरून ताडपत्री टाकली होती. ताई फळीवर उभी राहून एकेक भाग पुरा करायची. हात पोचेल तेवढा भाग रंगवायचा, मग शेजारच्या फळीवर सरकायचं. एकेका भागात एकेक खोली, आम्ही जिथे जिथे राहिलो ती: शाळेचा हॉल, गोदाम, तबेल्यावरचा माळा, पुढे तिने स्वतः भाड्याने घेतलेल्या खोल्या. मी डबा घेऊन जायचो तेव्हा फळ्यांच्या फटींतून कुठे एखादा स्टोव्ह दिसायचा, कुठे झोपलेल्या मुलाचे पाय.

"हे माझे पाय आहेत?"

"तुझे इतके चांगले नव्हते. सुधारून घेतलेत."

ठेकेदार अधूनमधून यायचा. हातात टाइलचा नमुना असायचाच. "बाई, मी तुमच्या विरुद्ध नाही," तो म्हणायचा. "पण माणसं भिंतीला टेकतात, तेलकट डोकी टेकवतात, पोरं हात पुसतात. टाइल्स कशा, ओलं फडकं फिरवलं की झालं."

"मग डोकी पुसा," ताई वरून म्हणायची.

समिती येण्याआधी थोडे दिवस परांची उतरवली. ती दुसऱ्या कामावर न्यायची होती. ताडपत्री खाली आली, फळ्या गेल्या आणि भिंत पहिल्यांदाच लांबून दिसली. इंजिनिअरबाई, ठेकेदार, ताई आणि मी समोरच्या दारात उभे होतो.

खोल्या अप्रतिम होत्या. आणि प्रत्येक दोन खोल्यांच्या मध्ये, वरपासून खालपर्यंत, कोऱ्या गिलाव्याची सरळ पट्टी होती. मध्यावरून एक आडवीही. संपूर्ण भिंतीवर घडीच्या जागा सोडलेल्या होत्या.

"हे... या पट्ट्या मुद्दाम आहेत का?" इंजिनिअरबाईंनी हळूच विचारलं.

ताईचा चेहरा उतरला. जवळून, फळीवरून, एकेक भाग रंगवताना तिला ते दिसलं नव्हतं. तिने ठरवून केलं नव्हतं. साठ वर्षांच्या सवयीने हात प्रत्येक वेळी कडेला येऊन थांबला होता.

"म्हणजे काम अपुरं आहे," ठेकेदार म्हणाला. आवाजात आनंद नव्हता, पण खिशातली मोजपट्टी मात्र बाहेर आली.

त्या दुपारी ताईने पट्ट्या भरायला घेतल्या. आजूबाजूचा रंग बघून तसाच रंग कालवला आणि एक पट्टी भरली. लांब जाऊन बघितलं तर शर्टाला लावलेलं ठिगळ. दुसरी भरली, तेच. कारण एकेक खोली आपल्यापुरती पुरी होती. एकीत सकाळ, दुसरीत संध्याकाळ. एकीची जमीन वर, दुसरीची खाली. त्यांच्यामध्ये रंग ओतून काही जुळणार नव्हतं.

रंगाच्या उलट्या डब्यावर ती बसली. मी शेजारी जमिनीवर टेकलो.

"ताई, ही भिंत आहे. हिची घडी कोण घालणार आहे?"

"मला माहीत आहे. हाताला माहीत नाही."

तिने हॉलच्या चित्राकडे बोट केलं. मग तिने विचारलं, "शाळेच्या हॉलमधून आपण गोदामात कसे गेलो?"

"चालत. आई गाठोडी घेऊन. आजींना कुणीतरी हातगाडीवर बसवलं होतं. त्या सगळा रस्ता ओरडत होत्या, गाडी हळू चालवा, मला अजून मरायचं नाही."

"आणि गोदामातून माळ्यावर?"

"चालतच. मधे एका ट्रकने थोडं नेलं."

"ते मी काढलंय कुठे? कुठल्या चादरीवर?"

मी आठवून बघितलं. तिची बहुतेक सगळी चित्रं मला पाठ होती. "नाही. तू नेहमी खोल्याच काढल्यास."

"रस्त्यात चित्र कसं काढणार होते? तिथे चादर घडीत होती." ती उठली. "इतकी वर्षं मी फक्त मुक्काम काढले. चालणं सगळं या पट्ट्यांत पडलंय बघ."

तिने ठेकेदाराकडे परांची मागितली. तो म्हणाला, ती आता मिळणं शक्य नाही. वर थोडी कुरकुर करून त्याने एक शिडी दिली. ताई म्हणाली, "चालेल. रस्ता खालीच असतो."

दुसऱ्या दिवशी तिने ती दोन ठिगळं खरवडली आणि कोळशाने काढायला सुरुवात केली. शाळेच्या हॉलमधून हातगाडी बाहेर पडते. मागचं चाक अजून हॉलमध्ये, पुढचं गोदामात. म्हणजे गाडीचा लांब दांडा पट्टीवरून पलीकडे जायला हवा. ताईने हॉलच्या बाजूने रेघ ओढत आणली आणि पट्टीच्या कडेला हात थांबला. पुसून पुन्हा ओढली. पुन्हा थांबला. तिसऱ्यांदा तिने दात-ओठ खाऊन हात पुढे रेटला, तर रेघ अशी थरथरली की गाडी तिथेच मोडली असती.

"झालं," ती म्हणाली. "लावा म्हणावं टाइल्स."

मी आयुष्यभर पहिलीच्या मुलांना अक्षरं गिरवायला शिकवलं आहे. लहान मूल रेघ ओढताना पेन्सिलीच्या टोकाकडे बघतं, म्हणून हात अडखळतो. मी त्यांना सांगतो, टोकाकडे बघू नका, जिथे पोचायचंय तिथे एक ठिपका काढा आणि त्या ठिपक्याकडे बघा. हात आपोआप जातो.

मी गोदामाच्या चित्रात, पोत्यांच्या शेजारी, खडूने एक ठिपका काढला.

"तिकडे बघ," मी म्हणालो.

"मला शिकवतोस?"

"पहिलीच्या वर्गाला शिकवतो तसंच. ताठ उभी राहा. हात खांद्यापासून हलव."

"छडी आणली आहेस का?" ती पुटपुटली, पण ताठ उभी राहिली. तिने ठिपक्याकडे बघितलं. कोळसा हॉलमधून निघाला, कोऱ्या पट्टीवरून एका दमात गेला आणि ठिपक्यावर जाऊन टेकला. रेघ सरळ, जाड आणि अखंड होती.

ताईने कोळसा खाली ठेवला. पट्टीवरच्या त्या बोटभर रेघेवरून तळवा फिरवला. नंतर तळहात बघितला. थोडी काजळी लागली होती, बाकी काही नाही.

"आई असती तर म्हणाली असती, भिंत खराब केलीस," ती म्हणाली आणि हसली. मी तिला इतकं मोकळं हसताना क्वचितच बघितलं होतं.

त्यानंतर तिला थांबवणं अवघड गेलं. ठिपक्यांची गरज दोन-तीन पट्ट्यांपुरतीच लागली. हातगाडीवर त्या आजी बसल्या, तोंड उघडं, एक बोट उगारलेलं. त्यांच्या मागे आई, डोक्यावरचं गाठोडं एका खोलीत आणि पाय पुढच्या खोलीत. माझ्या हाताला धरून ओढणारी ताई. मग इतर माणसं: गादी वाहून नेणारे बापलेक, कोंबडीचा पिंजरा घेतलेली बाई, स्टोव्ह उराशी धरलेला म्हातारा. आडव्या पट्टीतून जिना निघाला आणि माळ्यावर पोचला. पुढे भाड्याच्या खोल्यांतून बासरीवाला चालत होता, त्याच्या हातात बासरी आणि चहाचा कप. दिवसभर रंग, शिडी सरकवणं, पुन्हा रंग. इंजिनिअरबाई आपलं काम सोडून रंग कालवायला बसायच्या. एकदा ठेकेदारही आला. बराच वेळ बघत उभा राहिला आणि म्हणाला, "गादी अशी नाही धरत. मधे वाकते." ताईने गादी वाकवली.

समिती आली. अध्यक्ष वयस्कर होते, हळू चालायचे. बाकीचे सदस्य एका जागी उभे राहून मान वळवून बघू लागले. अध्यक्ष मात्र हातगाडीपाशी गेले आणि तिच्याबरोबर चालू लागले. खोलीमागून खोली, भिंतीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत. तिथे फलाटाचं दार होतं. तिथून ते वळले आणि चालत परत हातगाडीपाशी आले.

"या आजी काय म्हणताहेत?" त्यांनी विचारलं.

"गाडी हळू चालवा म्हणताहेत," ताई म्हणाली.

अध्यक्षांनी मान डोलावली. "बरोबर आहे."

एका सदस्याने टाइल्सचा विषय काढला. "दिसायला सुंदर आहे, यात वाद नाही. पण स्वच्छतेच्या दृष्टीने..."

"ओलं फडकं फिरवा," ताई म्हणाली. "वरून पक्कं रोगण देते. पोपडा निघाला तर मला बोलवा. मी इथेच आहे."

इथेच आहे, हे शब्द मी तिच्या तोंडून पहिल्यांदा ऐकले.

"टाइल्स किती मागवल्या आहेत?" अध्यक्षांनी ठेकेदाराला विचारलं.

"या भिंतीपुरत्या, साहेब. येऊन पडल्यात."

"स्वच्छतागृहात लावा. तिथे चित्राची गरज नाही."

सगळे हसले. ठेकेदारही हसला, जरा उशिरा. इंजिनिअरबाईंनी हेल्मेट काढलं आणि केसांतून हात फिरवला. माझा जीव भांड्यात पडला. ताई समितीकडे बघतच नव्हती. हातात कापड घेऊन ती स्टोव्हवाल्या म्हाताऱ्याच्या पायाशी उडालेला एक थेंब पुसत होती.

स्थानक सुरू झालं त्या सकाळी आम्ही गेलो. पहिली बस लागली होती. प्रतीक्षालय माणसांनी आणि सामानाने भरलेलं होतं. एका बाईने मोठी बॅग थेट आईच्या पायाशी टेकवली होती. चित्रातली गाठोडी कुठे संपतात आणि खऱ्या बॅगा कुठे सुरू होतात ते लांबून कळत नव्हतं. एक लहान मुलगी कोंबडीच्या पिंजऱ्यावर बोट ठेवून वडिलांना काहीतरी समजावत होती. एका तरुणाने खुशाल डोकं टेकलं होतं आणि तो बासरीवाल्याच्या पोटाशी झोपला होता. मला वाटलं ताई त्याला उठवेल.

"झोपू दे," ती म्हणाली. "चांगली जागा निवडली आहे."

ताई थोडा वेळ गर्दीत उभी राहिली. काहीजणांनी तिला ओळखलं. "चादरवाली ना तुम्ही?" एकाने विचारलं.

"होते," ताई म्हणाली.

मग ती सावकाश वळली. प्रतीक्षालयाची समोरची भिंतही तितकीच लांब होती, नुसता पांढरा रंग दिलेली. इंजिनिअरबाई जवळच कुणाशी तरी बोलत होत्या. ताईने त्यांच्या बाहीला हात लावला.

"ही कुणाची?"

"ही? इथे बसचं वेळापत्रक लागणार आहे."

ताईने डोळे बारीक करून भिंत या टोकापासून त्या टोकापर्यंत न्याहाळली. मधे कुठेही तिची नजर थांबली नाही.

"वेळापत्रकाला एवढी जागा कशाला लागते?" ती म्हणाली. "कोपऱ्यात लावा. आणि ठेकेदारांना सांगा, या वेळी परांची लवकर न्यायची नाही."